ओठ काही जुळेनात

नगरमध्ये मी आणि माझा नवरा लग्नांचे व्हिडिओ करतो. लग्नसराई संपली की काम थंडावतं. त्या रिकाम्या दिवसांत गाणी करणारी मंडळी आमच्याकडे यायला लागली. कुणी रॅप करतो, कुणी गझल म्हणतं, कुणी स्वतःच लिहून स्वतःच चाल लावतं. सगळ्यांना व्हिडिओ हवा असतो. सुरुवातीला मला फार हुरूप आला होता. लग्नात पाठवणीच्या वेळी नवरी रडायला लागली की कॅमेरा जवळ न्यायचा, यापलीकडे डोकं चालवायला कुणी सांगत नाही. इथे काहीतरी मनासारखं करता येईल असं वाटलं.

तसं झालं नाही. पारनेरचा एक मुलगा आला. गाणं टँकरच्या रांगेवर होतं आणि शब्द खरोखर झणझणीत होते. पण त्याला व्हिडिओत परदेशी गाडी हवी होती, मागे पोहण्याचा तलाव हवा होता. मी म्हटलं, "अरे, गाणं पाण्याच्या टंचाईचं आणि तू तलावाकाठी?" तो म्हणाला, "मॅडम, टंचाई बघायला कोण येणार?" मी दोन दिवस चिडचिड केली आणि शेवटी एका रिसॉर्टच्या तलावाशेजारी त्याला नाचवलं. नवरा म्हणाला, "गाणं त्याचं आहे, तुझं नाही." हे वाक्य तो मला आजवर किती वेळा म्हणाला असेल.

अशात एका शनिवारी सर आले. जामखेड तालुक्यात, खर्ड्याच्या पलीकडे एका खेड्यातल्या शाळेत ते शिक्षक होते. मूळचे नगरचेच. लहानपणापासून चर्चच्या गायनवृंदात गायलेले, गिटार तिथेच शिकलेले. आठवडाभर खर्ड्यात खोली घेऊन राहायचे आणि रविवारच्या उपासनेला गिटार वाजवायला नगरला यायचे. वय तिशीच्या आतबाहेर. बोलणं हळू, पण संगीताचा विषय निघाला की हात हवेत ठेका धरायचे.

त्यांनी मोबाईल माझ्यापुढे ठेवला. "मॅडम, आधी हे ऐका. मग पुढचं बोलू."

भांड्यांचा आवाज येत होता, मागे पोरांचा कालवा होता आणि त्यातून एक बाई गात होती.

"कुलूप घालते दाराला, पाणी ठेवते कुत्र्याला,
सांगा माझ्या लेकराला, आई येईल शिमग्याला."

ती बाई म्हणजे सरांच्या शाळेत खिचडी शिजवणाऱ्या मावशी. तांदूळ निवडता निवडता गात होत्या, आणि सरांनी वर्गाच्या दारातून ते रेकॉर्ड केलं होतं. शब्द मावशींचेच. लग्नानंतर सात-आठ वर्षं त्या नवऱ्याबरोबर ऊसतोडीला जायच्या. मुलगा सासूजवळ, तेव्हाच्या तिच्या वेगळ्या घरी ठेवून जायच्या. दिवाळी झाली की घराला कुलूप घालायचं आणि कारखान्याचा हंगाम संपला की परत यायचं. शाळेतलं काम मिळाल्यापासून त्या मागे राहायला लागल्या, नवरा आणि दीर मात्र अजून जातात. सरांनी त्या ओळी घेऊन, मावशींना विचारून, त्याचं पूर्ण गाणं बांधलं होतं. चाल थोडी बदलली, गिटार घातली, मधे व्हायोलिनचा तुकडा घातला. मावशींना पुण्याच्या एका स्टुडिओत नेऊन ते रेकॉर्डही करून आणलं होतं.

ते तयार गाणंही त्यांनी ऐकवलं. चांगलं होतं. खोटं कशाला सांगू, खूपच चांगलं होतं. कानाला गोड, कुठे काही खटकत नाही असं.

"वर्षभर यावर काम केलंय," सर म्हणाले. "फक्त व्हिडिओ मनासारखा झाला पाहिजे. आणि त्यात मावशीच दिसल्या पाहिजेत. मला दुसरी कुणी चालणार नाही."

मी त्याच क्षणी हो म्हटलं. इतके दिवस मी ज्याची वाट बघत होते ते दारात चालत आलं होतं.

पहिलं शूटिंग दिवाळीनंतर झालं. खर्ड्याच्या किल्ल्याची तटबंदी मागे दिसेल अशी बाहेरची मोकळी जागा आम्ही निवडली. मावशी सकाळीच आल्या. वयाने माझ्याहून लहान, पण शाळेत सगळेच त्यांना मावशी म्हणत, म्हणून मीही म्हणायला लागले. निळी साडी, डोक्यावर पदर, आणि पायात नव्या चपला, ज्या त्यांना चावत होत्या. मला बघून म्हणाल्या, "ताई, मला ह्यातलं काय कळत न्हाई. तुमी सांगाल तसं करते."

मी समजावलं. स्पीकरवर तुमचंच गाणं लागेल. त्याच्याबरोबर तोंड हलवायचं, मोठ्याने गायलात तरी चालेल. फक्त ओठ गाण्याशी जुळले पाहिजेत, कारण व्हिडिओत आवाज स्टुडिओतलाच वापरायचा आहे.

"सोपं हाय की," मावशी म्हणाल्या.

नवऱ्याने स्पीकर सुरू केला. गिटार वाजली, मावशींनी मान हलवली आणि पहिल्याच ओळीला त्या गाण्याच्या मागे पडल्या. दुसऱ्या ओळीला पुढे गेल्या. मी थांबवलं. पुन्हा लावलं. या वेळी "दाराला" या शब्दावर त्यांनी असा काही लांब सूर धरला की स्पीकरवरचं गाणं कुत्र्यापर्यंत पोचलं तरी त्या दारातच उभ्या होत्या. पुन्हा थांबवलं. पुन्हा लावलं. आता सूर बरोबर आला आणि शेवटी त्या म्हणाल्या, "आई येईल पाडव्याला."

"मावशी, शिमग्याला," सर ओरडले. "रेकॉर्डिंगमध्ये शिमग्याला आहे."

"व्हय, पण ते कारखाना कवा बंद व्हतोय त्याच्यावर हाय ना सर. ऊस लई असला तर पाडवाच उजाडतो."

"अहो, पण गाण्यात एकच काहीतरी ठेवावं लागेल ना!"

"ठिवते. शिमगा ठिवते."

पुढच्या वेळी शिमगा ठेवला, पण तिसरी ओळच गाळली.

सर कॅमेऱ्याच्या मागे उभे राहून हाताने ठेका देऊ लागले. मग मावशींचं सगळं लक्ष सरांच्या हाताकडे. डोळे एका बाजूला, चेहरा शाळेत पाढे म्हणणाऱ्या मुलासारखा. किल्ला बघायला आलेली माणसं भोवती जमली. कुणी मोबाईल काढले. एकाने मोठ्याने विचारलं, "कोणतं पिच्चर हाय?" ऊन डोक्यावर आलं. माझ्या कॅमेऱ्यात तटबंदी पांढरीफटक दिसायला लागली. चपला चावतात म्हणून मावशींनी त्या काढून टाकल्या, तर जमिनीचा चटका बसायला लागला.

मी त्यांना सावलीत नेलं. "मावशी, घाबरलात का?"

"घाबरायचं काय त्यात?" त्या स्पीकरकडे बघत होत्या. "ताई, खरं सांगू का? ह्यो आवाज माझा वाटत न्हाई."

सर जवळच होते. "तुमचाच आहे मावशी. फक्त जरा स्वच्छ केलाय."

"धुताना आटला मग," मावशी म्हणाल्या.

माझा नवरा हसला. सरांचा चेहरा पडला. मला दोघांचाही राग आला, कारण अर्धा दिवस गेला होता आणि माझ्या हाती सलग जुळलेली एक ओळही नव्हती. त्या दिवशी आम्ही रिकाम्या हाताने परतलो.

सरांनी मग मावशींच्या मोबाईलवर गाणं टाकलं आणि रोज सराव करायला सांगितलं. महिनाभराने त्यांचा फोन आला. आता अगदी पक्कं झालंय, तुम्ही या.

दुसरं शूटिंग मावशींच्या घरी होतं. पत्र्याचं घर, पुढे सारवलेलं अंगण, कडेला शेवग्याचं झाड. नवरा आणि दीर तोडीवर गेलेले, मुलगा शाळेत. घरात फक्त सासू. त्या एका कोपऱ्यात बाजेवर बसून आमच्याकडे बघत होत्या. कुणाची तरी लग्नपत्रिका द्यायला आलेली माणसं असावीत तसा त्यांनी आम्हांला चहा केला.

स्पीकर लावला आणि काय सांगू, ओठ जुळले. शब्दन् शब्द जुळला. शिमगासुद्धा जागच्या जागी. सरांनी आनंदाने माझ्याकडे बघितलं. मी मात्र कॅमेऱ्याच्या पडद्यावर बघत होते. तो चेहरा कुणाचाच नव्हता. मावशी मनात मोजत होत्या. पुढचा शब्द चुकेल म्हणून आधीच्या शब्दावर त्यांचा जीव नव्हता. लेकराचं नाव घेताना त्या बघत होत्या ते स्पीकरच्या लाल दिव्याकडे.

"झालं!" सर म्हणाले.

"झालं नाही," मी म्हटलं.

"का? काय चुकलं?"

काहीच चुकलं नव्हतं, हेच मला त्यांना सांगता येईना. मी आणखी घेत राहिले. जवळून घेतलं, लांबून घेतलं, चालताना घेतलं, कुलूप घालताना घेतलं. ओठ दर वेळी बरोबर आणि चेहरा दर वेळी कोरा. दुपारी सरांना शाळेत जाणं भाग होतं, तालुक्याहून कुणी साहेब यायचे होते. ते गेले तेव्हा मी इतकी वैतागले होते की नवऱ्याला म्हटलं, "बंद कर तो स्पीकर. ऐकून ऐकून डोकं उठलं."

अंगण शांत झालं. मावशी दाराच्या उंबऱ्यावर बसल्या, पदराने तोंड पुसलं. मी सहज म्हणाले, "मावशी, तुम्ही शाळेत गाता तसं एकदा म्हणा बरं. मला नुसतं ऐकायचंय." नवऱ्याने न सांगता त्यांच्या पदराला छोटा माईक लावला. मी कॅमेरा सुरूच ठेवला होता.

त्या गायल्या. सुरुवात इतकी हळू केली की सासूबाईंनी बाजेवरून मान पुढे काढली. मग आवाज मोठा होत गेला. मधे एक टेम्पो रस्त्याने गेला, तो जाईपर्यंत मावशी एका सुरावर थांबल्या आणि तो गेल्यावर पुढे निघाल्या. एका जागी आवाज चिरला, तरी त्यांनी तो सावरला नाही. सरांच्या गाण्यात नसलेल्या दोन ओळी त्यात आल्या, झोपलेल्या लेकराचं तोंड न बघता निघाल्याच्या. मला कॅमेऱ्यामागे रडू आलं. लग्नात इतकी रडणारी माणसं मी चित्रित केली आहेत, पण काम करताना माझ्या डोळ्यांत पाणी यायची ती पहिली वेळ.

गाणं संपल्यावर सासूबाई म्हणाल्या, "दूध उतू जाईल बघ." आणि मावशी उठून आत गेल्या.

परतताना मी नवऱ्याला म्हटलं, "हाच व्हिडिओ." तो म्हणाला, "सरांना विचार." मी म्हटलं, "विचारायचं काय? ऐकल्यावर तेच म्हणतील."

सर रविवारी उपासना आटोपून थेट आमच्या एडिटिंगच्या खोलीत आले. खांद्यावर अजून गिटारची पिशवी होती. मी काही न सांगता ते चित्रण लावलं. त्यांनी ते शेवटपर्यंत बघितलं. संपल्यावर गिटारची पिशवी खाली ठेवली.

"सुंदर आहे," ते म्हणाले. "पण मॅडम, यात माझं काय राहिलं?"

मी चित्रण पुन्हा सुरुवातीला नेलं.

"मी चाल बांधली. व्हायोलिनचा तो तुकडा सुचेपर्यंत चार महिने गेले. पुण्याला किती चकरा मारल्या. मावशींना एस.टी.त उलट्या होतात म्हणून दर वेळी गाडीची सोय केली. आणि तुम्ही दाखवता की या सगळ्याची गरजच नव्हती."

"मी तसं म्हणत नाही, सर."

"मग कसं म्हणता?"

मी तसंच म्हणत होते. पण तो माणूस समोर बसला होता, आणि मावशींना गाताना पहिल्यांदा थांबून ऐकलं होतं ते त्यानेच. आम्ही बराच वेळ वाद घातला. मी आवाज चढवला. त्यांनी चढवला नाही, त्यामुळे मला आणखी राग आला. शेवटी नवऱ्याने मधला मार्ग काढला. सुरुवातीला उंबऱ्यावरचं गाणं ठेवायचं, आणि दोन ओळींनंतर स्टुडिओतलं सुरू करायचं. सरांनी मान हलवली. मलाही ते मनापासून पटलं नाही, पण थोडं तरी वाचलं असं वाटलं. मावशींना दाखवून होकार घ्यायचा आणि कामाला लागायचं, असं ठरलं.

मी लॅपटॉप घेऊन सरांच्या शाळेत गेले. शाळा सुटली होती, सर माझ्यासाठी थांबले होते. स्वयंपाकाच्या खोलीत, धुतलेल्या पातेल्यांच्या शेजारी बसून मावशींनी आधी उंबऱ्यावरचं बघितलं. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते. त्यांनी पदर तोंडाला लावला.

"हे कुनाला दाखवलं?"

"अजून कुणालाच नाही. आम्ही तिघांनीच बघितलंय."

"दाखवू नका, ताई."

मला वाटलं लाजताहेत. मी सांगायला लागले की हे किती खरं आहे, लोकांच्या काळजाला कसं भिडेल. त्यांनी ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "मागं पत्रा दिसतोय गंजलेला. दांडीवर सासूचं लुगडं हाय. आन माझा आवाज फाटलाय बघा तिथं. हे तर मी रोजच गाते. ह्याला पुन्याला कशाला जावं लागतंय?"

"पण तुम्हीच म्हणालात, स्टुडिओतला आवाज तुमचा वाटत नाही."

"न्हाईच वाटत." त्यांनी सरांकडे बघितलं. "पर चांगला हाय. रेडिओवानी हाय. माझं गानं तसं वाजतंय म्हनल्यावर मला तेच पायजे."

सरांनी खाली बघितलं. ते जिंकले होते, पण त्यांना आनंद झालेला दिसला नाही.

"ठीक आहे," मी म्हटलं. "मग घरी घेतलेलं दुसरं वापरू. त्यात ओठ जुळलेत."

"त्याच्यात बी आमचंच घर हाय. आन तोंड माझं लाकडावानी दिसतंय, मला कळतंय की. दुसरी कुनी चांगली पोरगी घ्या, ताई. तोंड तिचं, आवाज माझा. शिनेमात तसंच असतंय ना?"

सर एकदम म्हणाले, "नाही मावशी, तुमच्याशिवाय नाही." मीही तेच म्हणाले. त्या खोलीत पहिल्यांदाच आम्हां दोघांचं एकमत झालं होतं, आणि ते मावशींच्या विरोधात होतं. आम्ही दोघांनी मिळून त्यांना समजावलं, मनवलं, थोडं दटावलंही. त्या पातेली एकात एक घालत राहिल्या.

"गानं माझंच हाय ना?" त्यांनी शेवटी विचारलं.

"हो."

"मग मी सांगते तसं करा की."

नगरच्या एका कॉलेजात नाटकात काम करणारी मुलगी मिळाली. हुशार होती. गाणं ऐकून तिने एका दिवसात ओठ जुळवले. तिची परीक्षा तोंडावर होती, खर्ड्यापर्यंत यायला तिला वेळ नव्हता. म्हणून नगरजवळ हिवरे बाजारच्या बाजूला शूटिंग ठरवलं. आता मनात येतं ते हेच, की रानात पाणी नाही म्हणून घर सोडून जाणाऱ्या बाईचं गाणं मी अशा शिवारात चित्रित केलं, जिथे पाणी अडवून जिरवून गाव हिरवंगार झालंय. मागे ज्वारी डोलतेय, कांद्याचे वाफे भिजलेत, आणि पुढे इस्त्रीच्या नऊवारीतली मुलगी दाराला कुलूप घालतेय. मी नवऱ्याला म्हटलं, "मागचं हिरवं तरी कमी कर एडिटिंगमध्ये." त्याने केलं. मग ज्वारी आजारी दिसायला लागली. शेवटी हिरवंच ठेवलं.

व्हिडिओ सरांच्या चॅनेलवर गेला. गायिका म्हणून मावशींचं पूर्ण नाव पहिलं आलं. बऱ्यापैकी लोकांनी बघितला. त्या मुलीच्या डोळ्यांचं कौतुक झालं. एकाने लिहिलं, निसर्ग अप्रतिम. मी मोबाईल टेबलावर आपटला.

शाळेच्या स्नेहसंमेलनात सरांनी पडदा बांधून तो व्हिडिओ लावला आणि मला शूटिंगसाठी बोलावलं. सगळं गाव आलं होतं. गाणं संपल्यावर टाळ्या पडल्या. सरांनी माईकवर सांगितलं, हा आवाज आपल्या मावशींचा आहे. पोरं मागे वळून हसायला लागली. माझ्याजवळ उभी असलेली एक बाई दुसरीला म्हणाली, "काय तरी सांगत्यात. तिचा आवाज असा हाय व्हय?" मावशींनी ते ऐकलं. मी त्यांच्याकडे बघितलं. त्या हसल्या, पण तोंडभर नाही. मला वाटलं, आता तरी त्यांना पटेल.

जेवणं झाल्यावर मी त्यांना बाजूला घेतलं. "मावशी, उंबऱ्यावरचं टाकू का? लोकांना कळेल तरी."

त्यांनी जरा विचार केला. खरंच केला, मी बघितलं.

"न्हाई ताई."

"पण का? लोक विश्वास ठेवत नाहीत तुमच्यावर."

"न ठिवू दे. त्यांना काय, उद्या इसरतील. माझ्या मालकानं तिकडं तोडीवर, कोपीत म्हंजी झोपडीत, समद्या टोळीला मोबाईल दाखवला. समदे म्हनले, कुठली गायिका रं तुझी बायकू? तेला लई बरं वाटलं." मग माझा पडलेला चेहरा बघून म्हणाल्या, "तुमाला आवडलंय ना? तुमी बघा की. तुमाला कुनी नगं म्हनलंय?"

मी चिडलेच. एवढं चांगलं काम माझ्या हातून घडलं होतं आणि ते एकटीने बघायचं, हे मला अजूनही सोसत नाही. दोनदा तर ते चॅनेलवर टाकण्यासाठी उघडलं आणि परत बंद केलं. त्यांनी नाही म्हटलं होतं आणि गाणं त्यांचं होतं. नवऱ्याला ते वाक्य या वेळी म्हणावं लागलं नाही.

गेल्या आठवड्यात सरांचा फोन आला. मावशींनी नवीन गाणं केलंय, दिराच्या लेकीच्या बारशाचं. या वेळी दोघांनी मिळून चाल लावलीये आणि रेकॉर्डिंग पुण्याला न करता जामखेडलाच करायचं म्हणतात. व्हिडिओसाठी मावशींनी आधीच सांगून ठेवलंय, पाळणा स्टीलचा नको, लाकडी पाहिजे, आणि फुगे पाहिजेत. फुगे पुष्कळ.

मी म्हटलं, "सर, फुगे नकोत हो."

ते म्हणाले, "मॅडम, मी सांगून बघितलं."

पुढच्या सोमवारी निघतोय. नवऱ्याने काल फुगे आणून ठेवलेत.